निघतो मग

आमच्या नॉर्डाल गावात कौतुकाला एकच शब्द आहे: ‘वाईट नाही.’ बाळ जन्मलं, वाईट नाही. मका डोक्याच्या वर गेला, वाईट नाही. ऑर्लन मला मागणी घालायला आला तेव्हा माझ्या वडिलांनी त्याला बुटांपासून टोपीपर्यंत न्याहाळलं आणि आईला म्हणाले, ‘वाईट नाही.’ ते ऐकून आई ॲप्रनला डोळे पुसत स्वयंपाकघरात पळाली होती.

नावडलं तर म्हणायचं, ‘वेगळं आहे.’ पाद्रीबाबांच्या मेव्हण्याने घराला जांभळा रंग दिला, तो वेगळा आहे. नव्या सुनेने बटाट्याच्या सॅलडमध्ये मनुका घातल्या, ते वेगळं आहे. याहून कडक शब्द आम्ही तोंडातून काढत नाही. गरजच पडत नाही. माणूस तेवढ्यानेच आडवा होतो.

आणि माझा नवरा, ऑर्लन ब्रेक्के, जन्मभर ‘वेगळं’ संगीत लिहीत आला. घ्या!

तरुणपणी तो मिनियापोलिसला संगीत शिकला. त्याचे मास्तर म्हणायचे, हा पोरगा न्यूयॉर्कला जाणार. तेवढ्यात त्याच्या वडिलांना अर्धांगाचा झटका आला आणि हा ‘थोड्या दिवसांसाठी’ गावी आला. ते थोडे दिवस अजून चालूच आहेत. शाळेत बँड शिकवला, चर्चमध्ये ऑर्गन वाजवला. अग्निशमन दलासाठी मार्च लिहिला, दूधसंघासाठी पोल्का नाचाची धून. आमच्याकडे असं लग्न झालं नाही की ज्यात ऑर्लनचा वॉल्ट्झ वाजला नाही, आणि असं माणूस पुरलं नाही की ज्याच्यामागे ऑर्लनची धून गेली नाही. एकदा कुठल्याशा मासिकात त्याच्यावर दोन ओळी छापून आल्या: ‘प्रादेशिक संगीतकार.’ तो मला वाचून दाखवत म्हणाला, “आर्डिस, मी प्रादेशिक म्हणे. मग बाकीचे कुठे राहतात गं? ढगात?”

हसत होता खरा, पण त्याला खुपत होतं ते वेगळंच. त्या मासिकवाल्यांचं त्याला काही पडलेलं नव्हतं. त्याला गावाचं पडलं होतं.

उन्हाळ्यात दर गुरुवारी संध्याकाळी आमचा बँड बागेत वाजवतो. लोक गाड्या बँडच्या चौथऱ्याभोवती गोल लावतात, काचा खाली करतात आणि आत बसूनच ऐकतात, कारण डास. आवडलं की हॉर्न वाजवायचा. टाळ्या आम्ही पाहुण्यांसाठी ठेवतो, बास्केटबॉलला आलेल्या परगावच्या पोरांसाठी वगैरे. आपल्या माणसाला हॉर्न. ऑर्लनच्या पोल्काला असे हॉर्न वाजायचे की पलीकडच्या गोठ्यातल्या गाई बिथरायच्या. मग तो हळूच कार्यक्रमात आपलं खरं काहीतरी सरकवायचा, रात्री-रात्री जागून लिहिलेलं. ते संपलं की बागेत चिडीचूप. एकही हॉर्न नाही. एकदा तर कोणीतरी काचेवरचे वायपर चालू केले, पाऊस नसताना. आणि मग त्या शांततेत सेल्मर क्वामचा आवाज यायचा, “वेगळं आहे रे, ऑर्लन!”

हा सेल्मर ऑर्लनचा लहानपणापासूनचा मित्र. धान्याच्या कोठारावर जन्म काढला, आता निवृत्त. कौतुक करताना याला कोणी बघितलेलं नाही. त्याच्या पिकअपचा हॉर्न कित्येक वर्षं बंद. दुरुस्त का करत नाहीस विचारलं, तर म्हणे, “वाजवण्यासारखं काही घडलं तर बघू.” मेला!

गावाला शंभर वर्षं होणार होती त्या साली समितीने ऑर्लनला सिंफनी लिहायला सांगितली आणि शहरातून एक अख्खा वाद्यवृंद बोलावला. व्हायोलिनं, चेलो, सगळं. ऑर्लनने हिवाळाभर लिहिलं. मी जेवायला हाक मारली की “आलो, आलो” म्हणायचा आणि सूप गार व्हायचं. तुम्हाला सांगते, मी फार खूश होते. लिहीत नसला की हा माणूस घरभर फिरून माझी भांडी चुकीच्या जागी ठेवतो.

मग ईस्टरनंतर एक दिवस त्याने पेन्सिल खाली ठेवली आणि कॉफी ढवळत म्हणाला, “आर्डिस, ही शेवटची.”

“कॉफी?”

“सिंफनी. लिहिणं. याही वेळी गावाने ‘वेगळं’ म्हटलं तर मी झाकण लावतो. पियानो चर्चच्या शाळेला द्यायचं कबूल केलंय. सेल्मरला सांगितलंय, जूनमध्ये रविवारी कार्यक्रम झाला की सोमवारी सकाळी पिकअप घेऊन ये.”

“आणि गावाने वाईट नाही म्हटलं तर?”

“मी चाळीस वर्षं थांबलोय आर्डिस,” तो म्हणाला. “ज्यांच्यासाठी लिहितो त्यांना नको असेल, तर मी कुणाला त्रास देत बसू?”

मी भांडले. ओरडले. दोन बशा आपटल्या. तो शांतपणे बशांचे तुकडे गोळा करत बसला. आमच्याकडे भांडण असं होतं: एक जण आपटतो, दुसरा गोळा करतो. मी त्या क्षणी खरी घाबरले. तो पियानो त्या खोलीतून गेला तर हा माणूसही हळूहळू जाईल, हे मला माझ्या हाताच्या रेषांइतकं ठाऊक होतं.

कार्यक्रमाच्या आदल्या दिवशी, शनिवारी, वाद्यवृंद बसने आला. शाळेच्या व्यायामशाळेत बास्केटबॉलच्या जाळ्याखाली खुर्च्या मांडल्या होत्या. त्यांचा संचालक फेलिक्स ब्रॉयर हा काटकुळा तरुण, जूनमध्येही गळ्यापर्यंत काळा स्वेटर. पण माणूस गुणी. पहिला भाग सुरू झाला आणि माझ्या अंगावर काटा आला. इतकी वर्षं मी ऑर्लनचं संगीत आमच्या बँडमध्येच ऐकत आले होते, जिथे ट्रॉम्बोन वाजवणारा दातांचा डॉक्टर होता. हे म्हणजे धुतलेल्या काचेतून बघावं तसं होतं.

तेवढ्यात आमची डोरीन टॉफ्टे कॉफीची किटली घेऊन आली. चर्चची कॉफी तिच्या ताब्यात असते, म्हणजे चर्चच तिच्या ताब्यात असतं. ती पहिला भाग संपेपर्यंत दारात उभी राहिली आणि ब्रॉयरला कप देत म्हणाली, “वेगळं आहे हो.”

“हो ना!” ब्रॉयरचा चेहरा फुलला. “बाई, अगदी माझ्या मनातलं बोललात! किती वेगळं आहे! धन्यवाद!”

डोरीनने माझ्याकडे बघितलं. मी ऑर्लनकडे बघितलं. त्याच्या तोंडचं पाणी पळालं होतं. बिचारा ब्रॉयर उत्साहाने सगळ्या वादकांना सांगत सुटला, “ऐकलंत? गावाला वाटतंय की हे वेगळं आहे!” मला वाटलं ती किटली याच्या डोक्यावर ओतावी. पुढे डोरीनने त्याला “तुमचं हात हलवणं मात्र वाईट नाही” असं म्हटलं, तर तो रुसला. अर्धा तास घुश्शात होता. त्याला कोणी सांगितलं नाही की गेल्या दहा वर्षांत डोरीनने एवढी स्तुती कुणाचीच केली नव्हती.

शेवटच्या भागाला खरी गंमत झाली. ब्रॉयरने काठी खाली ठेवली.

“मिस्टर ब्रेक्के, एक विचारू? हे संपत का नाही?”

“म्हणजे?” ऑर्लन म्हणाला.

“इथे ढोलावर दोन थापा पडतात आणि संपल्यासारखं वाटतं. मग परत सुरू होतं. पुन्हा दोन थापा, पुन्हा संपतं, पुन्हा सुरू. चारचारदा! श्रोते कंटाळतील हो. आपण पहिल्याच थापांना थांबूया. एक शेवट पुरे.”

ऑर्लनने खांदे पाडले. “तुम्हाला योग्य वाटेल तसं करा,” तो म्हणाला. हा त्याचा स्वभावच. गळ्यावर सुरी ठेवली तरी म्हणेल, जरा डावीकडून कापा, तिकडे सोपं जाईल.

पण मी होते ना तिथे! मी उठलेच. “मिस्टर ब्रॉयर, तुम्ही आमच्याकडे कधी कॉफीला आला नाहीत, म्हणून असं बोलता. आमच्याकडचा पाहुणा जातो कसा, माहिती आहे? आधी मांड्यांवर दोन थापा मारतो आणि म्हणतो, ‘निघतो मग.’ आणि बसूनच राहतो. पाऊण तासाने दारात उभा राहून पुन्हा ‘निघतो मग.’ तिथे हवापाण्याच्या गप्पा. मग पायऱ्यांवर. मग गाडीत बसल्यावर खिडकीतून, एकमेकांची आजारपणं. मग कुठे गाडी हलते. आणि वळणावर एकदा हॉर्न वाजतो, तेव्हा म्हणायचं पाहुणा गेला. हे ते आहे! माझ्या नवऱ्याने आमचं निघणं लिहिलंय. त्यातला एक ‘निघतो मग’ जरी कापलात तरी मी तुमच्या बसच्या चाकांची हवा सोडेन.”

वादक हसले. ब्रॉयर हसला नाही. त्याने पानं पुन्हा उलटून पाहिली, सावकाश. मग ऑर्लनला म्हणाला, “पण मग तो शेवटचा हॉर्न कुठे आहे यात? इथे तर नुसता रिकामा ठोका आहे.”

ऑर्लन लाजला. साठी उलटलेला माणूस, पण कान लाल झाले. “सिंफनीत गाडीचा हॉर्न कसा लिहिणार? लोक हसतील,” तो पुटपुटला. “जागा सोडून दिली नुसती.”

ब्रॉयरने पुन्हा काठी उचलली. एकही शेवट कापला नाही मात्र.

रविवारी दुपारी व्यायामशाळा अशी भरली की खिडक्यांच्या कठड्यांवरही माणसं. प्रार्थनेचे चांगले कपडे, उकाडा, हाताने वारा घेणं चाललेलं. आम्ही दोघं पहिल्या रांगेत. दारातच सेल्मर भेटला होता. त्याने टोपी मागे सरकवली आणि म्हणाला, “ऑर्लन, उद्या सकाळी पियानो न्यायला किती वाजता येऊ?”

“नाश्त्यानंतर ये,” ऑर्लन म्हणाला.

“दोरी आणू का?”

“आण.”

“सेल्मर,” मी म्हटलं, “तुला दुसरा काही विषय नाही का रे आज?”

“का? आज काय आहे?” तो म्हणाला आणि पॉपकॉर्न शोधायला गेला. सिंफनीला पॉपकॉर्न!

पहिला भाग झाला. शांतता. कुणीतरी खोकलं. दुसरा भाग संथ, त्यात मागच्या वर्षी बंद पडलेल्या आमच्या आगगाडीची शिट्टी अगदी हळू येते, क्लॅरिनेटवर. माझ्या मागे कोणीतरी नाक शिंकरलं, पण ते सर्दीनेही असेल. आमच्या माणसांच्या तोंडावरून काही कळेल तर शपथ. ऑर्लनने माझा हात इतका घट्ट धरला होता की अंगठी रुतत होती. तिसरा भाग नाचाचा. कुणाचा पायसुद्धा हलला नाही. ऑर्लन माझ्या कानाशी वाकला, “झालं, आर्डिस. वेगळंच वाटतंय त्यांना.”

“गप बस आणि ऐक,” मी म्हटलं.

मग चौथा भाग. बराच वेळ छान, मोकळं, गप्पा चालल्यासारखं संगीत. आणि ढोलावर दोन थापा.

मागच्या रांगेत कोणीतरी फिसकन हसलं.

संगीत पुन्हा सुरू झालं, जरा उभ्याउभ्याने बोलल्यासारखं. पुन्हा दोन थापा. आता हसणं इकडून तिकडे पसरलं. मी वळून बघितलं तर डोरीन नवऱ्याला कोपराने ढोसत होती, “हा तूच आहेस! अगदी तूच!” आणि तिचा नवरा म्हणत होता, “मी कुठला, ही तुझी बहीण!” तिसऱ्या वेळी थापा पडायच्या आधीच अर्ध्या सभेने आपापल्या मांड्यांवर हात मारले. अख्खी व्यायामशाळा दणाणली. ब्रॉयर दचकला, पण काठी सुटू दिली नाही.

ऑर्लन मात्र पांढराफटक. “हसतायत,” तो म्हणाला. “आर्डिस, माझ्यावर हसतायत.”

“तुझ्यावर नाही रे वेड्या, स्वतःवर!” मी म्हटलं. पण त्याच्या कानात काही शिरेल तर ना.

चौथ्यांदा थापा पडल्या. व्हायोलिनं दूर दूर गेली, गाडी शेताच्या रस्त्याने जावी तशी. आणि मग तो रिकामा ठोका. ब्रॉयरने हात वर धरून ठेवला. मग त्याने हात खाली आणला आणि सिंफनी संपली.

एक टाळी नाही. वाद्यवृंदातले लोक एकमेकांकडे बघायला लागले. आणि त्या शांततेत खुर्ची सरकल्याचा आवाज आला. सेल्मर क्वाम उठला. टोपी डोक्यावर चढवली, नेहमीचं आंबट तोंड, आणि ताडताड दाराबाहेर चालता झाला.

त्याच्या मागे डोरीन उठली. मग तिचा नवरा. मग रांगाच्या रांगा. कोणी बोलत नव्हतं, लहान पोरंसुद्धा नाही. बघता बघता सगळी व्यायामशाळा रिकामी. उरल्या नुसत्या खुर्च्या, सांडलेलं पॉपकॉर्न, शहरातले वादक आणि आम्ही दोघं.

“आग लागली की काय?” ब्रॉयरने विचारलं. खरंच घाबरला होता.

“नाही,” ऑर्लन म्हणाला. “घरी गेले.” त्याने आपली वही उचलली, कडा नीट जुळवल्या आणि काखेत धरली. “तुम्ही फार सुंदर वाजवलंत. माझी चूक आहे, तुमची नाही.”

काय सांगू, माझं डोकं असं सणकलं! चाळीस वर्षं ज्यांची लग्नं वाजवली, ज्यांच्या आईबापांना धून वाजवून पोचवलं, ते असे पाठ फिरवून जातात? आणि तो सेल्मर सगळ्यांच्या पुढे! मी पर्स उचलली. ठरवलं, आधी सेल्मरला गाठायचं आणि त्याच्या टोपीसकट त्याला गिळायचं. तरातरा चालत अर्ध्या वाटेत पोचले असेन.

बाहेर एक हॉर्न वाजला.

ऑर्लन थांबला. त्याचे कान म्हणजे काय विचारता. डोळे मिटून तुम्हाला सांगेल, कुणाची पायरी कोणत्या सुरात करकरते. “ही डोरीनची,” तो म्हणाला.

दुसरा वाजला. “टॉफ्टेंचा दुधाचा ट्रक.” मग तिसरा, मग एकदम पाच-सात. “पाद्रीबाबा. त्यांचा मेव्हणा, जांभळ्या घराचा. शाळेची बस...” मग मोजण्याच्या पलीकडे गेलं. सगळं मैदान वाजायला लागलं, उंच, खर्जातले, घोगरे, चिरके, ट्रॅक्टरसुद्धा. खिडक्यांच्या काचा थरथरायला लागल्या. वादक खिडक्यांकडे धावले. ब्रॉयर माझा दंड धरून ओरडत होता, “हा तो आहे! हा तोच हॉर्न आहे! निघतानाचा!” आणि रडतही होता, शहरातला माणूस, स्वेटर घालून.

ऑर्लन खुर्चीवर बसला. वही मांडीवर. ओठ हलत होते, एकेका गाडीचं नाव घेत होता, जणू हजेरी घेतोय. मग एकदम त्याने मान वर केली.

“आर्डिस,” तो म्हणाला, “ही... ही तर आपली गाडी!”

“आपली गाडी कोण वाजवेल? किल्ली माझ्या पर्समध्ये आहे.”

“आपलीच. मी ओळखणार नाही का?”

आम्ही बाहेर धावलो. त्याला हाताला धरून ओढतच नेलं मी. मैदानात गोल लावलेल्या गाड्या, प्रत्येक खिडकीतून एक हात हॉर्नवर. आणि मधोमध आमची जुनी हिरवी गाडी. तिच्यात सेल्मर क्वाम, दोन्ही हातांनी, सगळं वजन टाकून हॉर्न दाबत बसलेला. तोंड तसंच आंबट, पण डोळ्यांतून घळाघळा पाणी.

त्याने आम्हाला पाहिलं तरी हात काढला नाही. शेवटी हॉर्नच कण्हला, बारीक झाला आणि बंद पडला. हळूहळू बाकीचेही थांबले. सगळे सेल्मरकडे बघत होते.

“माझा बंद आहे ना,” सेल्मर म्हणाला. “म्हणून तुमचा घेतला. कुलूप लावत जा रे गाडीला.”

“बरं,” ऑर्लन म्हणाला.

“बॅटरी गेली बहुतेक.”

“जाऊ दे.”

सेल्मर खाली उतरला. टोपी काढली, तिच्या आत बघितलं, परत घातली. घसा खाकरला. मग, उभ्या जन्मात पहिल्यांदा, ऑर्लनच्या खांद्यावर हात ठेवला.

“वाईट नाही, ऑर्लन,” तो म्हणाला.

ऑर्लन नुसती मान हलवत राहिला. मी तर सरळ हुंदके देत होते, लाज कसली त्यात. डोरीनने मला रुमाल दिला आणि स्वतःही माझ्या बाहीला नाक पुसलं.

गाडी काही सुरू होईना. शेवटी ऑर्लन आणि मी आत बसलो आणि लोकांनी ती ढकलायला घेतली, चांगल्या कपड्यांतच. ब्रॉयर आणि त्याचा ढोलवालाही आला ढकलायला. सेल्मर खिडकीशी वाकून चालत होता.

“पुढच्या वेळी हॉर्न लिहूनच टाकतो,” ऑर्लन त्याला म्हणाला.

पुढच्या वेळी! मी समोर रस्त्याकडे बघत राहिले. पापणीसुद्धा हलवली नाही, न जाणो शब्द परत घेईल.

“मग उद्याचं असं आहे,” सेल्मर म्हणाला, “पिकअप नादुरुस्त आहे. पियानो न्यायला जमायचं नाही.”

“नुसता हॉर्न नादुरुस्त आहे ना?”

“सगळीच नादुरुस्त आहे.”

“परवा?”

“परवाही नादुरुस्तच असेल.” आमचं फाटक आलं. सेल्मरने गाडीच्या टपावर दोन थापा मारल्या. “निघतो मग,” तो म्हणाला, आणि कॉफी प्यायला आमच्या आधी घरात शिरला.